होडीतलं पाणी

“उतर गो, माझो हात धर.”

काशीरामने सुनेला एसटीतून खाली घेतलं. प्राजक्ताला पाचवा महिना होता. भर दुपारी अंगावर दोन चादरी, तरी दात वाजत होते.

“मामांनू, माका हास्पिटलात डांबून ठेवतले.”

“लवू आसा. तेका विचारूया.”

ते २००९ साल. चतुर्थीला काशीरामचा मुलगा निकेत मुंबईहून येऊन गेला आणि मागोमाग त्याच्या बायकोला ताप भरला. स्वाइन फ्लूच, असं ठरवून वाडी त्यांच्या दारात येईनाशी झाली. ताप हिवतापासारखा एक दिवसाआड येतो, हे कोणी लक्षातही घेतलं नाही. हिवतापाचं काम करणारा लवू एरवी घरोघर फिरून रक्त घ्यायचा. यंदा त्याला मुंबईच्या गाड्या तपासायला मालवण स्टँडवर उभं केलं होतं.

लवूने सगळं ऐकून घेतलं आणि पिशवीतून सुई काढली.

“दिवसभर लोकांका खोकलो आसा काय विचारतंय. काचपट्टये धूळ खातत माझे. बोट दी गो.”

संध्याकाळी तो गोळ्या घेऊन घरीच आला.

“हिवताप. डुकराचो ताप न्हय. गोळी चुकवू नको, पोराक काय होवचा नाय.”

प्राजक्ताने पोटावर हात ठेवला आणि ती भिंतीकडे तोंड करून रडली.

लवू अंगणात थांबला. समोर वाळूवर ओढलेल्या होड्या होत्या.

“काकांनू, दर वर्साक मी होडये उपसून घेतंय. यंदा कोण बघणारोच नाय. तुमच्या होडयेत आता बघून इलंय. डासांची पोरां वळवळतत.”

काशीरामने आपल्या होडीकडे पाहिलं.

“ते झाप तिना बांदलेले.”

“म्हायत आसा. म्हणान वाडीत कोण हात लावणा नाय.”

गेल्या वर्षी होडी वर ओढल्यावर त्याच्या बायकोने, आनंदीबाईने, ती माडाच्या झापांनी शाकारली आणि श्रावणात आनंदीबाई वारली. त्यानंतर काशीरामने होडी पाण्यात घातलीच नव्हती. झाप कुजून आत पडले होते.

सकाळी तो कोयता घेऊन गेला. आधी सुंभाच्या गाठी बोटांनी सोडवून पाहिल्या. सुटेनात. मग कापल्या. झाप बाजूला टाकून तो बालदीने काळं पाणी वाळूत ओतू लागला.

शेजारची राधाबाई पदर नाकाला लावून लांब उभी राहिली.

“सून कशी आसा?”

“हिवताप आसा. सकाळी पेज जेवली.”

“मगे तो मुंबयचो ताप न्हय?”

“न्हय.”

ती घरात गेली. काशीराम उपसत राहिला. जरा वेळाने होडीच्या दुसऱ्या टोकाला बालदी आपटली.

“सरा वायच,” राधाबाई म्हणाली. “एकटे उपसशात तर दिवाळी येयत.”

नाकावरचा पदर तिने कमरेला खोचला आणि वाळूवरून पलीकडच्या होडीवाल्याला हाक दिली,

“बाबली, तुझ्या होडयेतला पण काड रे!”