साळवे वाचायचा तेव्हा

पान उलटण्यापूर्वी साळवे बोट ओलं करीत नसे. पानाच्या कडेवर तो हलकी फुंकर घाली, आणि कंपन्यांच्या धुराड्यांतून दिवसभर उतरलेली पांढुरकी धूळ उडून पान आपसूक उभं राही, जणू झोपलेल्याला कुणी नावानं हाक मारली. मग त्याचा आवाज सुरू होई. खर्जातला, संथ, किंचित खरखरीत. मोरिवलीतल्या त्याच्या चाळीच्या ओट्यावर हिवाळ्यातलं चारचं ऊन तिरपं पसरलेलं असे, आणि त्या उन्हाला कंठ असता तर तो असाच लागला असता, असं मला वाटे.

आम्ही एकाच कारखान्यातले. तो स्टोअरकीपर, मी भट्टीवरचा. दोन हजार सालाच्या आगेमागे कारखाना बंद पडला, भोंगा मुका झाला, आणि रिकाम्या दुपारी भल्याभल्यांना गुत्त्यावर घेऊन गेल्या. मला साळवेनं ओट्यावर नेलं. कथा-कादंबऱ्या त्याच्याकडे नव्हत्या. राग का येतो, घोळक्यात माणूस निराळा का वागतो, समाधान कशात असतं, वार्धक्य कसं पेलावं, असली पुस्तकं. उल्हासनगरला कॅम्प पाचमधल्या सिंधी रद्दीवाल्याकडून तो ती वेचून आणी. शेठ हसून म्हणे, "ले जाओ साईं, ये ज्ञानवाला माल तुम्हारे सिवा कोई उठाता नहीं."

मी त्या पुस्तकांशी भांडत असे. क्रोधाच्या क्षणी मनात दहापर्यंत मोजावं, असं एकात लिहिलेलं. मी म्हटलं, "हा लिहिणारा भट्टीवर उभा राहिलाय का कधी? तिथं दहा मोजेपर्यंत माणूस भाजून निघतो."

"पण तू घरातही भट्टीवरच असायचास की," साळवे गालात हसला. "वहिनी असत्या तर साक्षीला बोलावलं असतं."

माझी बायको केव्हाच गेलेली. त्याचीही बायको गेलेली. चिंचेची बारीक पानं ओट्यावर झरत राहिली, आणि वाऱ्यानं पुस्तक एकटंच चाळलं जात राहिलं.

खोटं कशाला सांगू, माझी शाळा तिसरीत सुटली. सही येते, दुकानाची पाटी लागते. पण छापील पान समोर आलं की भट्टीची झळ लागावी तसा मी मागे सरे. हे मी कुणाला कळू दिलं नव्हतं. साळवे आवडलेला भाग ओट्यावर वाची आणि उरलेलं पुस्तक घरी न्यायला देई. मी ते आठवडाभर उशाशी ठेवी, आणि परत देताना छाती काढून सांगे, "वाचलं. निम्मं पटलं नाही."

एकदा त्यानं स्वतः न उघडताच दिलेलं पुस्तक छापखान्यातून कडा न कापताच सुटलेलं होतं. पानं जोडीजोडीनं वरून मिटलेली. मला काय माहीत! मी तसंच परत दिलं, वर म्हणालो, "शेवट चांगला केलाय." साळवेनं पुस्तक हातात फिरवलं, पोलादी पट्टी घेतली, आणि एक अक्षर न बोलता एकेक जोड कापायला लागला. कागद सरळ रेषेत उलगडत जाण्याचा तो बारीक ध्वनी मी मान खाली घालून ऐकला. त्याला कळलं होतं, आणि त्याला कळल्याचं मला कळलं होतं. मी कबूल केलं नाही. त्यानंतर मात्र त्यानं पुस्तक घरी दिलं नाही. "मोठ्यानं वाचलं की माझ्याच डोक्यात नीट बसतं," असं म्हणून पहिल्या पानापासून शेवटपर्यंत तोच वाचू लागला. माझी अब्रू त्यानं स्वतःच्या विसराळूपणाखाली झाकली. आज माझ्या तोंडी जे जड शब्द आहेत, ते त्या दुपारी कानावाटे आलेले आहेत.

मग काचबिंदूनं त्याचे डोळे हळूहळू मालवत नेले. एके दिवशी त्यानं पुस्तक माझ्या मांडीवर ठेवलं. "आता तू वाच. मी ऐकतो."

"चष्मा घरी राहिला."

दुसऱ्या दिवशीही राहिला. आठवडाभर राहिला. शेवटी त्यानं स्वतःचाच चष्मा काढून पुढे धरला. "घे. मला आता हा नुसता नाकावरचा भार आहे."

तो लावताच अक्षरं पाण्यात बुडाल्यासारखी झाली आणि माझं डोकं फिरलं. "नंबर जुळत नाही. आणि असल्या पुस्तकांनी आता काय दिवे लागणारेत? जगायचं ते जगून झालं!" मी तरातरा निघून आलो. वीस दिवस मी त्या गल्लीनं गेलो नाही. गेलो तेव्हा दाराला कुलूप होतं. मुलगी त्याला बदलापूरला घेऊन गेली होती.

तीन महिने मी अभिमान कुरवाळत बसलो. मग एका रविवारी बदलापूरला गेलो. माफी मागायला नव्हे. तो माझा स्वभाव नाही. मुलगी दार उघडताच म्हणाली, "काका, बाबा दिवसभर कुणाशी बोलत नाहीत हो." तो गॅलरीत बसला होता. चेहरा उजेडाकडे, पण उजेड चेहऱ्यापर्यंत न पोचलेला.

"बाळाराम का? चष्मा आणलास?"

"चष्म्याचा प्रश्न नाही, साळवे. मला वाचता येत नाही."

त्यानं शेजारचं पुस्तक चाचपून माझ्या मांडीवर ठेवलं. "मग हळू वाच."

अक्षराखाली बोट धरून मी वाचलं. जोडाक्षरापाशी अडलो, दरदरून घाम फुटला. तो शब्द त्याला येत असणार, पण त्यानं तो पुरवला नाही, घाईही केली नाही. मान किंचित कलती ठेवून तो शांत राहिला. संध्याकाळ होईतो अर्धं पान झालं. "उरलेलं पुढच्या रविवारी," तो म्हणाला. पुढचा रविवार त्याच्या वाट्याला आला नाही.

ते पुस्तक मी एकट्यानं पुरं करतोय. माणूस गेला की त्याचा आवाज आधी विसरतो, म्हणतात. मला आवाज तर आठवतोच, पण त्याहून स्पष्ट आठवतं ते त्याचं गप्प राहणं. आजही एखाद्या शब्दापाशी मी अडतो, आणि तेव्हा कळतं की काळ कुणासाठीच थांबत नाही. माझ्यासाठी एक माणूस थांबला होता, अर्ध्या पानापुरता.