किस्त फिक्स आहे

शालिकरामने संत्रा बर्फीचा डबा मॅडमच्या टेबलावर ठेवला आणि दोन बोटांनी पुढे सरकवला.

“घ्या मॅडम, तोंड गोड करा. एकशे ऐंशी किस्ती झाल्या. आता आमच्या घराचे कागद द्या.”

धनश्री मॅडम बँकेच्या या शाखेत नव्या होत्या. त्यांनी आधी डब्याकडे पाहिलं, मग नवराबायकोकडे. शालिकरामने इस्त्रीचा पांढरा शर्ट चढवला होता. सुमती लग्नकार्यातली जांभळी साडी नेसून आली होती. उजवा हात तिने डाव्या हातात धरून मांडीवर ठेवला होता, जसा काही तो दुसऱ्या कुणाचा आहे आणि तिला थोडा वेळ सांभाळायला दिला आहे.

“खाते क्रमांक?”

शालिकरामने तो पासबुक न उघडता म्हणून दाखवला. कळमन्याच्या बाजारात धर्मकाट्यावर तीस वर्षं ट्रकांची वजनं मांडलेला माणूस तो. आकडा एकदा डोळ्यांखालून गेला की गेलाच पाठ. खिशातल्या डायरीत त्याने किस्त कापली गेली की एक रेघ मारायची, असं पंधरा वर्षं चालवलं होतं. शेवटची रेघ परवाच मारली. चार महिन्यांनी तो काट्यावरूनही निवृत्त होणार होता. काय बरोबर जुळून आलं पाहा, असं महिनाभर तो भेटेल त्याला सांगत सुटला होता.

सुमतीचा हिशेब त्याहून सोपा होता. पारडीचं हे दोन खोल्यांचं घर घेतलं त्याच वर्षी तिने मागच्या टिनाच्या शेडखाली चूल मांडली, तिच्यावर माठ पालथा घातला आणि सावजी जेवणावळींना लांब रोट्या पुरवायला घेतल्या. सैल कणकेचा गोळा या हातावरून त्या हातावर झेलत कोपरापर्यंत लांबवायचा आणि तापल्या माठावर अलगद सोडायचा. रोजच्या शंभर, लग्नसराईत दोनशे. आता उजवा खांदा पार कामातून गेला होता. आणखी वर्षभर हे चाललं तर हात कायमचा निकामी होईल, असं डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं होतं. वेणीसाठीसुद्धा तो वर जात नव्हता. दोन महिने झाले, शेजारची शामला येऊन तिची वेणी घालून देत होती. पण शालिकरामने पहिल्या दिवशीच शब्द दिला होता, शेवटची किस्त अन् शेवटची रोटी एकाच महिन्यात. त्या शब्दावर विसंबून तिने कालच महाल भागातल्या गोपिकाबाईला कळवून टाकलं होतं. सगळ्या ऑर्डरी तिच्याकडूनच यायच्या. सोमवारपासून दुसरी बाई पाहा, असं तिला सांगितलं होतं.

मॅडमनी स्क्रीन वरखाली केला.

“काका, अजून सहासष्ट बाकी आहेत.”

“सहासष्ट काय?”

“किस्ती.”

शालिकराम हसला. नव्या मॅडम आहेत, दुसऱ्याच कुणाचं खातं उघडलं असणार.

“पौनीकर पाहा मॅडम. शालिकराम पौनीकर. आमची किस्त फिक्स हाये. सात हजार सातशे एकसष्ट. पंधरा वर्सांत एक रुपया इकडचा तिकडं नाही झाला.”

“हो ना काका, किस्त फिक्सच आहे. व्याजाचा दर फिक्स नव्हता.”

मॅडमनी एक कागद छापून काढला आणि पेन घेऊन समोर ठेवला. पहिल्या वर्षी दर होता सव्वाआठ. दुसऱ्या वर्षी झाला साडेदहा, आणि या खात्याला तो तिथेच राहिला.

“दर वाढला की एक तर किस्त वाढवावी लागते, नाही तर दुसरं काही. तुमची किस्त तर तीच राहिली. मग काय वाढलं असेल?”

उत्तर सुमतीने दिलं.

“महिने.”

“हो काकू. एकशे ऐंशीचे दोनशे शेहेचाळीस झाले.”

“असं कसं?” शालिकरामचा आवाज चढला, तशी काउंटरवरची दोन माणसं वळली. “मॅडम, मी काट्यावरचा माणूस हावो. ट्रकमधून दर महिन्याले माल उतरवला, तं वजन कमी व्हायले पायजे का नाही?”

“पाहिजे ना. पण तुम्ही खालून माल उतरवत होता आणि वरून व्याजाचा माल पडत होता. हे पाहा, दुसरं वर्ष. किस्त सात हजार सातशे एकसष्ट. त्यातले सहा हजार सातशे त्रेपन्न व्याजात गेले. मुद्दल उतरलं एक हजार आठ रुपये.”

एक हजार आठ. शालिकरामने तो आकडा दोनदा वाचला. त्या वर्षी दिवाळीला नवे कपडे घेतले नव्हते, स्कूटर विकून सायकल घेतली होती, आणि घरात दोघंही म्हणत होते, असू दे, घर फिटून राहिलं ना! बँकेची पत्रं तेव्हाही येत होती. तो पाकीट फोडायचा, बोट फिरवत किस्तीचा आकडा शोधायचा, तोच आहे असं पाहिलं की पत्र खिळ्याला अडकवून द्यायचा. कर्ज मिळवून देणाऱ्या एजंटने हा एकच शब्द त्याच्या हातात दिला होता, ‘फिक्स’, आणि त्या शब्दावर तो पंधरा वर्षं निवांत झोपला होता.

“आठ लाख घेतले व्हते आमी,” सुमती म्हणाली. “भरले किती?”

“तेरा लाख शहाण्णव हजार नऊशे ऐंशी.”

“अन् अजून?”

“एकदम भरले तर तीन लाख सत्त्याऐंशी हजार. किस्तीने भरले तर पाच लाख बारा हजार होतील.”

“बाप्पा!” एवढंच सुमती म्हणाली. मग तिला तहान लागली. पाणी पिऊन येते म्हणून ती उठली आणि दाराजवळच्या पाण्याच्या टाकीकडे गेली.

ती गेल्यावर शालिकराम खुर्चीत पुढे सरकला.

“मॅडम, काही करता नाही येणार? काट्याचा मालक काही फंड-बिंड देणार नाही मले. हातावरचं पोट हाये आमचं.”

“दर कमी करून घेता येईल. आजच अर्ज भरा. सहासष्टच्या बासष्ट होतील.”

“फक्त चार?”

“मोठं व्याज सुरुवातीच्या वर्षांतच जातं काका, ते आता जाऊन चुकलं. हेच जर मधे कधी केलं असतं तर…” मॅडम जुनी फाइल चाळत बोलत होत्या. एका कागदाशी त्यांचं बोट थांबलं. त्यांनी तो वाचला आणि फाइल त्याच्याकडे फिरवली.

अक्षर शालिकरामचंच होतं. एप्रिल २०१६. दर कमी करून घ्या, त्याचं शुल्क पाच हजार रुपये, असं बँकेने कळवलं होतं आणि खाली त्याने टपोऱ्या अक्षरात लिहिलं होतं: ‘मला कोणताही बदल नको. माझी किस्त फिक्स आहे.’ सहीच्या खाली दोन ठसठशीत रेघा ओढल्या होत्या.

हा किस्सा त्याचा आवडता होता. किती लग्नांत, किती बारशांत त्याने तो रंगवून सांगितला होता! “बँकवाला मले पाच हजाराची टोपी घालून राहिला व्हता. म्या म्हटलं, भाऊ, काट्यावाल्याले काटा नोको शिकवू!” लोक हसून बेजार व्हायचे. सुमतीसुद्धा तोंडाला पदर लावून हसायची.

“तेव्हा केलं असतं तर?” त्याने विचारलं.

मॅडमनी कॅल्क्युलेटर ओढून हिशेब केला. मग हळू आवाजात म्हणाल्या, “एकोणतीस किस्ती वाचल्या असत्या. सव्वादोन लाख.”

शालिकरामने अर्जावर सही केली. या वेळी सहीखाली रेघा ओढल्या नाहीत. बर्फीचा डबा मॅडमनी घेतला नाही, कागद मिळतील तेव्हा नक्की खाईन म्हणाल्या.

बाहेर मे महिन्याचं ऊन मी म्हणत होतं. दोघं गाड्यांच्या स्टँडजवळ कडुनिंबाखालच्या ओट्यावर बसले. सुमतीचा राग आता कुठे वर आला.

“मुडदा बसवला त्या बँकवाल्याइचा! गरीब मानसाले कोनी काही सांगतच नाही. नीट बसवून एक डाव तरी समजावून सांगाव का नाही?”

“हाव ना,” शालिकराम म्हणाला.

म्हणून तर गेला, पण तो ‘हाव’ त्याला गिळवेना. गप्प राहिलं की झालं, मॅडम काही घरी येऊन सांगणार नव्हत्या. शिव्या बँकेला बसत होत्या, त्याच्या अंगाला काहीच लागत नव्हतं. तेवढ्यात सुमतीने डाव्या हाताने पिशवीतून फोन काढला.

“कोनाले लावून राहिली?”

“गोपिकाबाईले. सोमवारी रोट्या येतीन म्हणून सांगून देते. तिनं दुसरी बाई पाहायच्या आत.”

तिने हे इतक्या साधेपणाने म्हटलं, जणू भाजीत मीठ कमी पडलं म्हणून ती उठली होती. शालिकरामला ते सहन झालं नाही.

“थांब वं. आधी ऐकून घे.”

आणि त्याने सांगितलं. पत्र, पाच हजार, आपलं अक्षर, एकोणतीस किस्ती, सगळं. मधे एकदाही तिच्याकडे पाहिलं नाही. त्याचं सांगून झाल्यावर सुमतीने फोन मांडीवर ठेवला.

“कोनत्या सालची गोष्ट म्हणता?”

“सोळाची. एप्रिल.”

“म्हणजे थो कूलर आणला थे साल.”

शालिकरामच्या ध्यानातही नव्हतं. त्या उन्हाळ्यात ती चुलीपुढे चक्कर येऊन पडली होती, आणि दुसऱ्याच दिवशी तो हातगाडीवर टाकून कूलर घेऊन आला होता.

“बँकेच्या घशात पाच हजार घालन्यापेक्षा तुले थंडी हवा खाऊ घालतो, असं म्हटलं व्हतं तुमी.” सुमतीला हसू फुटलं. “सव्वादोन लाखाचा कूलर! अवो, कलेक्टराच्या घरीबी नसन!”

ती हसत सुटली, आणि हसता हसताच रडायला लागली. स्टँडवरची माणसं पाहत होती, तिला त्याचं काही नव्हतं.

“मले एक डाव इचारलं असतं तं काय बिघडलं असतं तुमचं? सातवी शिकली मी. पैसा नाही समजत, पण महिने तं मोजता येते मले! तुमी काट्यावाले, तुमाले सगळं समजते, म्हणून म्या कधी पत्राले हात नाही लावला.”

“चुकलो मी.”

चौतीस वर्षांच्या संसारात हा शब्द त्याच्या तोंडून पहिल्यांदाच बाहेर पडला. सुमतीने नाक पुसलं आणि त्याच्याकडे नीट पाहून घेतलं. मग पुन्हा फोन हातात घेतला.

“चुकला तं चुकला. पण किस्त कोन भरंन आता? चार महिन्यानं तुमचा पगार बंद. लावू द्या मले फोन.”

“लाव. रोट्या येतीन म्हणून सांग.”

“थेच तं सांगून राहिली.”

“तू नोको करू. मी करतो.”

सुमतीचं बोट बटणावरच राहिलं.

“तुमी?”

“हाव. काट्यावर माही पाळी दुपारची. सकाळ मोकळीच हाये. पुढं तं पुरा दिवसच मोकळा. तू फक्त बसून शिकव.”

“बायाइचं काम हाये थे. लोक हासतीन तुमाले.”

“मंग? इतकी वर्सं म्याच हासवलं ना लोकाइले. आता अजून हासतीन.”

सोमवारी सकाळी सहालाच शालिकराम शेडमध्ये बनियनवर उभा राहिला. पहिला गोळा झेलताना हातातून सुटून राखेत गेला. दुसरा कोपराला असा चिकटला की सुमतीला तो खरवडून काढावा लागला. तिसऱ्याचे निम्म्या वाटेत फाटून दोन लंगोट झाले. माठाच्या झळेने मनगटावरचे केस करपले. आपली बायको पंधरा वर्षं इथे उभी होती, आणि आपण फक्त रेघा मारत होतो, हे त्याला तिथे चुलीपुढे उभं राहिल्यावर समजलं.

“कोपर वर. अजून वर!” सुमती स्टुलावर बसून ओरडत होती. “भेता कायले येवढे? कणीक हाये थे, ट्रक नाही!”

आठ वाजता पहिली रोटी अख्खी माठावर पडली. शालिकरामला वाटलं टाळ्या वाजतील, पण सुमतीने नुसतं “उलटवा लवकर” म्हटलं. अकरापर्यंत कशाबशा साठ झाल्या. आडव्या, तिडव्या, एक तर हुबेहूब चंद्रपूरच्या नकाशासारखी.

गोपिकाबाई ऑटोतून उतरून सरळ मागच्या शेडमध्ये आली. टोपल्यावरचं फडकं बाजूला करून तिने एक रोटी उचलली आणि उजेडात धरली. पलीकडचं काहीच दिसेना. शालिकराम पिठाने माखलेले हात मागे घेऊन भिंतीशी उभा होता.

“काहून वं सुमती, आज रोट्या अशा जाड?”

सुमतीचा उजवा हात मांडीवर निवांत पडला होता.

“हात नवा हाये, बाई,” ती म्हणाली. “बासष्ट महिने हायेत अजून. होतीन पातळ.”