भिंतीवरून उतरवलेला महिना

ओल

मी एक जुना महिना आहे. हसू नका मित्रांनो, महिन्यालाही अंग असतं. माझं अंग जाड लाकडी फळीचं. वर दोन भोकं, त्यांतून ओवलेली दोरी आणि छातीवर निळ्या रंगात माझं नाव: उसंत.

माझ्या गावाच्या आकाशात दोन चंद्र आहेत, थोरला आणि धाकटा. तिथलं वर्ष पाच महिन्यांचं होतं. ओल, पेर, रास, मग मी, मग काजळ. चौकातल्या भिंतीवर ज्याची फळी टांगली, तो महिना चालू. माझ्या जन्माआधी फळ्या चारच होत्या. पण रास संपली की धाकटा चंद्र दर वर्षी गडप व्हायचा आणि तो परत येईपर्यंतचे दिवस कुठल्याच महिन्यात बसायचे नाहीत. आज नेमकं काय चालू आहे, यावरून गावात हमरीतुमरी व्हायची. शेवटी गावच्या सुतारणीने मला घडवायला घेतलं. रंधा मारता मारता ती म्हणाली, "चंद्र दमून घरी जातो, मग माणसांनीच काय घोडं मारलंय?" नियमही तिनेच केला. मी भिंतीवर असेपर्यंत भट्टी पेटवायची नाही आणि कुणी कुणाला कामाला लावायचं नाही.

पेर

ते माझे सुखाचे दिवस. गाव काच बनवणाऱ्यांचं, गल्लोगल्ली भट्ट्या. मला वर चढवलं की त्या निवायच्या, धूर ओसरायचा. नवरे दिवसाउजेडी घरात दिसू लागायचे आणि बायका म्हणायच्या, "अहो, जरा बाहेर जा ना, सारखे पायात पायात येता." लहान मुलं मला बाबांच्या हातांचा वास बदलणारा महिना म्हणायची. इतकं कौतुक दुसऱ्या कुठल्या महिन्याच्या वाट्याला आलं असेल, असं मला वाटत नाही.

सुतारणीला दोन मुलं. थोरली मुलगी माझ्याच दिवसांत जन्मलेली. आईमागे फळ्या सांभाळायचं काम तिच्याकडे आलं. तिच्या धाकट्या भावाला सगळे बोका म्हणत, कारण मी वर चढलो की तो माझ्याखाली भिंतीला टेकून ऊन खात पडायचा. एरवी तो भट्टीत लाकडं रेटायचा. धुराने त्याची छाती पोखरली होती. माझ्या दिवसांत तिची घरघर थांबायची आणि तेवढ्या बळावर त्याचं पुढचं वर्ष निघायचं.

ताई मला दर वर्षी तेल चोळायची आणि म्हणायची, "तू माझा महिना आहेस." मी विश्वास ठेवला. लाकूड दुसरं काय करणार?

रास

नदीपलीकडच्या गावांत महिने चारच. सगळ्या गावांनी एकच कालगणना पाळायची, असं ठरलं आणि त्या सभेचं बोलावणं ताईला आलं. परतली ती डोळ्यांत वेगळीच चमक घेऊन. मला मांडीवर घेऊन ती तेल चोळत होती, शेजारी बोका बसला होता.

"पलीकडचे आपल्याला काय म्हणतात, ठाऊक आहे? झोपाळू गाव!" ती म्हणाली. "मान खाली घालावी लागते रे. पण आता मला सभेत कायमची जागा देतायत. पहिल्या रांगेत."

"छान झालं," बोका म्हणाला. "ताई, उसंत कधी टांगतेस? रास संपत आली."

"यंदा नाही टांगायची."

"म्हणजे?"

"म्हणजे रास संपली की थेट काजळ. तुझं काय अडतंय त्यात?"

"माझा श्वास अडतो, ताई."

"नाटकं करू नकोस. अगदी आईसारखा बोलतोस."

"घरात कुणीतरी आईसारखं बोलायला नको?"

ताईने बोटं पुन्हा तेलात बुडवली. तिचा हात थांबला नव्हता. इतक्या मायेने चोळतेय, म्हणजे नक्की टांगणार, असं मी मनाशी धरून बसलो.

उसंत

 

काजळ

वरची जागा चुकून रिकामी राहिलेली नाही, मित्रांनो.

त्या वर्षी आकाशात धाकटा चंद्र नव्हता, भिंतीवर काजळची फळी होती आणि भट्ट्या पेटलेल्या होत्या. मी कोपऱ्यात, तोंड भिंतीकडे. पुढे तर चुकलेले दिवस साचतच गेले. आता ओलची फळी टांगतात तेव्हा जमीन भेगाळलेली असते. लोक वर बघायचं टाळतात. ताई पहिल्या रांगेत बसते.

भट्टीच्या मुकादमाने तिच्याकडे तक्रार नेली, "तुमचा भाऊ काम करता करता भिंत धरतो." ताईला वाईट वाटलं. खरंच वाटलं, तेच मला जास्त लागतं. तिने मला कापून घेतलं, चार पाय ठोकून घेतले, नावाची बाजू खाली केली आणि स्वतः उचलून भट्टीवर आणलं.

"बघ, खास तुझ्यासाठी करून घेतलंय. अधूनमधून टेकत जा."

बोक्याने मला उलटं केलं. माझ्या नावातलं शेवटचं अक्षर करवतीखाली गेलं होतं. उरलेल्या दोन अक्षरांवरून त्याने बोट फिरवलं.

"ताई, मला याच्यावर नव्हतं बसायचं," तो म्हणाला. "याच्यात बसायचं होतं."

"किती रे मनाला लावून घेतोस!" असं म्हणून ती निघाली. सभेला उशीर होत होता.

तो माझ्यावर एकदाही बसला नाही. माझ्या शेजारीच उभा असतो, एक हात भिंतीला लावून, खोकत. आणि मी, त्याचा अख्खा महिना, त्याला घटकाभरही देऊ शकत नाही.

मित्रांनो, माझं एकच मागणं आहे. तुम्हाला कुणी मायेने बसायला स्टूल आणून दिलं, तर बसण्याआधी ते उलटं करून बघा. खाली एखादं नाव दिसलं, तर मोठ्याने वाचा. अर्धं असलं, तरी वाचा.