पुसणीस महानंदाबाई

या, असे पुढे सरका. सतरंजी मोठी आहे, मागे भिंतीला टेकून ऐकायची ही गोष्ट नव्हे. एका बाईची गोष्ट आहे. तिने आपल्यातल्या कितीजणांना घरी सुखरूप पोचवलं, ते त्यांना ठाऊकही नाही.

तर सकाळचे साडेसात वाजले होते. हेब्बाळच्या तळ्यात विद्या गुडघाभर पाण्यात उभी होती. अंगात ऑफिसला जायचा कुडता, खांद्याला लॅपटॉपची बॅग.

"विद्या, स्वल्प मागे ये गं बाळ," काठावरून महानंदाबाई म्हणाल्या. "हात दे माझ्याकडे."

"काकू, आज पण आले बघा मी." विद्याचे दात वाजत होते. "मला खरंच कळत नाहीये. गाडी पार्क करते आणि पाय आपोआप इकडे वळतात. काल कमरेपर्यंत गेले होते. का येते मी इथे?"

"बॅगेत काय आहे?"

"लॅपटॉप. आणि अय्यो, अर्णवचा डबा! तो उपाशी बसेल शाळेत." ती हसली, आणि हसता हसता रडायलाच लागली.

महानंदाबाईंनी साडी वर खोचली, पाण्यात उतरल्या आणि तिला धरून बाहेर आणलं. सलग तिसरा दिवस होता. विद्याला का ते कळत नव्हतं, बाईंना कळत होतं. चूक त्यांच्याच कचेरीतली होती.

चिकपेटेत जरीच्या साड्यांच्या एका दुकानावर, अरुंद जिन्याने वर गेलं की पुसणिसांची कचेरी. कधीकधी जगात एखादा विचार असा सुटतो की तो माणसं खाऊ लागतो. तो पुसायचा, हे पुसणिसांचं काम. पुसला की नुसते शब्द उरतात, रिकाम्या पोत्यासारखे. मग तो कुणाच्या मनाला धरत नाही. म्हणून तर मी तुम्हाला हा विचार निर्धास्तपणे सांगतोय. आपलं गेलेलं माणूस हेब्बाळच्या तळ्याखाली वाट बघत बसलंय, पाण्यात उतरलं की भेटेल, असा तो होता. ऐकून हसू आलं ना? दोन महिन्यांपूर्वी हसला नसतात. दोघं बुडाली त्यापायी.

पुसायची रीत एकच. विचार आधी पुसणिसाने स्वतः मानायचा, अगदी आतून. तसा मानला की तो चारी दिशांनी गोळा होऊन त्याच्यापाशी येतो. पण कुसळ पदराला धरून बसावं तसा तो मनातल्या एखाद्या आठवणीला धरून बसतो, आणि पुसला की तिला घेऊन जातो. त्यामुळे पुसणिसांची मनं जागोजागी उसवलेली. साहेब कृष्णमूर्ती घरी कानडी बोलत, पण चिकपेटेत वाढल्यामुळे मराठी सरसर येई. त्यांची अख्खी शाळा अशीच आठवणीतून गेली होती. "बरंच झालं, मार फार खाल्ला असणार," म्हणायचे.

हे काम आलं ते नव्या विनोदकुमारच्या वाट्याला. त्याने कधी न पाहिलेल्या पणजोबांचं नाव घेतलं आणि विचार मानल्यासारखं केलं. विचार अर्धाच निघाला. माणूस वाट बघतंय हे पुसलं गेलं, तळ्यात जायचं हे राहिलं. विद्याचे वडील दिवाळीत गेले होते. आता ती कुणासाठी जातेय हे न कळताच जात होती. तिची समजूत तरी कशी घालणार?

त्या दिवशी महानंदाबाई ओल्या साडीनेच कचेरीत आल्या.

"उरलेलं मी काढते, अण्णा."

"मी करतो, अक्का."

"तुमच्याकडे कोण राहिलंय? गेलेली माणसं तुम्ही केव्हाच कामी लावून बसलात."

कृष्णमूर्तींनी दारात खाली मान घालून उभ्या विनोदकुमारकडे पाहिलं.

"त्याची सगळी जिवंत आहेत," बाई म्हणाल्या. "देव करो आणि तशीच राहोत. माझ्याकडे हंबीरराव आहेत."

हंबीरराव म्हणजे त्यांचे यजमान. बोम्मसंद्र्याच्या एका कारखान्यात लेथवर होते. चार वर्षांपूर्वी गेले. एकतीस वर्षांच्या नोकरीत बाईंनी माहेर दिलं, मैत्रिणी दिल्या, पहिल्या बाळंतपणात गेलेलं लेकरूही दिलं. हंबीररावांना मात्र त्यांनी दर वेळी बाजूला ठेवलं होतं.

"अक्का, एकवीस तारखेला तुम्ही रिटायर होताय. आणखी कुणाला बोलावू."

"तोवर ती पोरगी गळ्यापर्यंत जाईल." बाई चटईवर बसल्या. "थोडं सांगते, ऐकून घ्या. केसात लोखंडाचा कीस घेऊन घरी यायचे. पेपर पसरून विंचरायला बसायचे. आणि रोज दार उघडलं की विचारायचे, 'काय पुसणीसबाई, ओळखलंत का? चला, आजपण आपली नोकरी टिकली.' मी म्हणायची, 'कोण हो तुम्ही? भाड्याने खोली नाही इथे.' असले खेळ चालायचे, अण्णा. साठीच्या माणसांचे."

"मी लक्षात ठेवीन."

"ठेवा. पण मला परत सांगू नका हं. परक्याची गोष्ट ऐकल्यासारखी मी 'हो का' म्हणेन. तेवढं नको."

त्यांनी डोळे मिटले आणि मानलं. तळ्याच्या तळाशी हंबीरराव बसलेले दिसले, मनगटावरचं घड्याळ बघत. बाई जराशा हसल्या. विचार गोळा होऊनही त्यांनी तो लगेच पुसला नाही. ओठ हलत होते. विनोदकुमार पुढे व्हायला निघाला, तसा कृष्णमूर्तींनी त्याचा हात धरला. "बिडप्पा, राहू दे. बसू दे त्यांना."

मग बाईंनी ओला तळहात कपाळावरून फिरवला आणि विचार पुसला.

"झालं. काफी मागवा, अण्णा." त्यांनी गालाला हात लावला. "हे काय, मी रडले की काय?"

"इल्ला अक्का, नाही. घाम आहे."

"सरी, बरं मग."

काफी येते तोच विद्याचा फोन आला. "काकू, मी घरीच आहे. डबा देऊन परत आले, सुट्टी टाकली. आज बाबांची इतकी आठवण येतेय ना, नुसती रडतेय."

"रड बाळ. सुट्टी त्यासाठीच असते." फोन ठेवून बाई म्हणाल्या, "मला मात्र आज फार हलकं वाटतंय." कृष्णमूर्ती मान फिरवून खिडकीबाहेर बघत राहिले.

संध्याकाळी देवळात भीमाचार्यांचं कीर्तन होतं. आख्यान संपलं. आरतीआधी बुवांनी ताटातून तुळशीची पानं फिरवली आणि म्हणाले, "ज्याचं त्याचं गेलेलं माणूस मनात आणा, एक पान वाहा."

ओळ पुढे सरकत गेली. महानंदाबाई पान घेऊन देवापुढे उभ्या राहिल्या आणि उभ्याच राहिल्या.

"वाहा की अक्का, मागे लोक खोळंबलेत," शेजारची विठाबाई म्हणाली.

"विठा, मी कुणाच्या नावाने वाहू गं?"

विठाबाईने तोंड उघडलं. मागून कृष्णमूर्तींनी हळूच नकारार्थी मान हलवली. तिने ते मिटलं.

बाईंनी क्षणभर पानाकडे पाहिलं. "मग देवालाच देते," त्या म्हणाल्या. "त्याला ठाऊक असेल." पान वाहून, पदर सारखा करून त्या बाजूला झाल्या आणि मागच्यांना वाट करून दिली.

आता तुम्हाला एकच मागतो. तुमच्या हातात कधी असं पान आलं, तर आपल्या माणसाबरोबर आणखी एकाला मनात आणा. हंबीरराव म्हणायचे त्यांना. लेथवर काम करायचे.