पारूबाईच्या जागी सहावा भाग

मित्रांनो, पारूबाई माझ्यात उरली नाही हे ज्या शुक्रवारी महिपतीला कळलं, त्या शुक्रवारी मी त्याच्या खोलीतल्या टीव्हीला लावलेला होतो. मी एक जुना पेन ड्राइव्ह आहे. माझं टोपण केव्हाच हरवलंय.

महिपतीच्या मुलीनं, बबीतानं, मला विट्याच्या बाजारात घेतलं. महिपती कतारात मेसईदला वेल्डर. विश्वचषकासाठी स्टेडियमं उभी राहत होती, त्यांचं लोखंड तो जोडायचा. कामगारांच्या कॅम्पात स्वतः रांधायचा आणि त्याच्या पिठल्यात दर वेळी गुठळ्या व्हायच्या. फोनवर सांगून जमेना, म्हणून त्याच्या बायकोनं, पारूबाईनं, पिठलं करताना बबीताकडून व्हिडिओ काढून घेतला आणि सुट्टीवरून परतणाऱ्या माणसाबरोबर मला इकडे पाठवलं.

"पाणी उकळू द्या आधी. तुम्हाला दम नसतो," ती पडद्यावरून म्हणायची. "आता पीठ सोडा. दुसरा हात हलवायला हाय न्हवं?"

"हलवतोय की गं!" महिपती कढईपुढून ओरडायचा. सगळी खोली हसायची. ते माझे चांगले दिवस.

मग पारूबाई काविळीनं गेली. महिपती गावी पोचला तेव्हा सगळं उरकलं होतं. परत आल्यावर त्यानं मला खिळ्याला अडकवलं, ते तसंच. पिठलंही केलं नाही. सामने जवळ येत होते, काम वाढत होतं. तो जायचा, यायचा, भिंतीकडे तोंड करून निजायचा.

त्याच्या वरच्या खाटेवर लातूरकडचा बालाजी राहतो. एका विलायती सिनेमाचे पाच भाग या दोघांनी मिळून पाहिले होते. कॉलेजातली पोरं एका घरात राहतात, पितात, चड्डीवर गावभर पळतात, अभ्यास कोणीच करत नाही. मित्रांनो, तुम्ही पाहावा असा तो नव्हे. महिपतीला त्यातला शब्द कळत नसे, पण हसून हसून त्याच्या डोळ्यांत पाणी यायचं. सहावा भाग मिळतोय असं कळताच बालाजी मला घेऊन कॅम्पाबाहेरच्या फजलच्या मोबाइलच्या दुकानात गेला. महिपतीदादाला एकदा हसवायचं, एवढंच त्याच्या मनात होतं.

माझ्यात जागा नव्हती. फजलनं विचारलं, "पुराना सब उड़ा दूँ?"

"उडा दो. मोबाइल में होगा उसके."

मला तोंड असतं तर मी ओरडलो असतो.

पारूबाई गेल्यापासून त्या शुक्रवारी महिपतीनं पहिल्यांदाच कढई काढली होती.

"दादा, बसा. सहावा भाग आणलाय," बालाजी म्हणाला.

"आधी पारू लाव. पाणी ठेवलंय."

पडद्यावर पोरं पळू लागली.

"हे न्हवं. पारू."

"ती... तुमच्या मोबाइलात हाय ना?"

"तो कवाच बिघडला. बबीचा बी गेला."

कढईतलं पाणी उकळून आटत चाललं. महिपती मुठीत पीठ धरून उभाच राहिला.

"दादा, शिव्या तरी द्या."

"तू काय मुद्दाम केलंस? बस खाली."

दोघं मला घेऊन फजलकडे गेले. तो म्हणाला, "अब इसमें कुछ डालना मत, कुछ मिटाना भी मत. नीचे शायद कुछ बचा हो. दोहा में एक आदमी है, इन्शाल्ला निकाल देगा. नहीं निकला, तो खलास."

म्हणून तो सिनेमा अजून माझ्यात आहे. त्या पोरांच्या खाली कुठे पारूबाई आहे की नाही, ते मलाही कळत नाही. मला दोह्याला पाठवायचं म्हणून महिपती मला खिशात घालून फजलच्या दुकानाच्या दारापर्यंत जातो आणि परत येतो. "आज गर्दी होती," असं बालाजीला सांगतो. फजलचं ते 'खलास' त्याच्या कानांत बसलंय.

मित्रांनो, आपल्या माणसाचा आवाज एकाच जागी ठेवू नका. आणि दुसऱ्याची वस्तू रिकामी करण्याआधी त्याला विचारा. मला हे तेव्हा सांगता आलं नाही.

महिपतीनं मला अजून दोह्याला पाठवलेलं नाही.