बटण दुसऱ्यांदा दाबू नका

मित्रांनो, मला चालू व्हायला चार मिनिटं लागतात. आधीच सांगून टाकतो, म्हणजे मागाहून कुरकुर नको. मी एक जुना कॉम्प्युटर आहे. माझं एका बाजूचं झाकण हरवलंय, पंखा सकाळच्या म्हाताऱ्यासारखा खाकरतो, आणि चालू करायच्या बटणावर इतकी बोटं पडली आहेत की त्यावरची खूण पुसून गेलीय. पण मी बंद पडलेला नाही. हळू असणं आणि बंद पडणं यांतला फरक पुष्कळांना कळत नाही. शिकलेल्यांना तर मुळीच नाही.

कारखान्यातून निघालो तेव्हा मीही चपळ होतो. दाताच्या एका दवाखान्यात काउंटरवर बसलो आणि नऊ वर्षं बसलो. कोणाची अक्कलदाढ कधी काढली, कोणाची कवळी कधी बसवली, सगळं माझ्या पोटात. डॉक्टर येणाऱ्याजाणाऱ्याला सांगायचे, हा आहे म्हणून माझा दवाखाना चालतोय. कौतुक ऐकून माझा पंखा जरा जास्तच फिरायचा. मग मी हळू झालो, आणि लोकांनी एक वाईट सवय लावून घेतली. मी चालू होत असतानाच ते बटण पुन्हा दाबायचे, दाबून धरायचे. तसं केलं की मी अर्ध्यातच मरतो आणि पहिल्यापासून सुरुवात करावी लागते. चाराची आठ मिनिटं होतात. उशीर करणार हे आणि शिव्या खाणार मी. शेवटी माझ्या जागी नवा आला आणि मला जिन्याखाली, झाडू आणि रिकाम्या डब्यांच्या शेजारी ढकलून दिलं.

त्या इमारतीची लिफ्ट दुरुस्त करायला एक मिस्त्री यायचा. खांद्यावर हत्यारांची पिशवी, दोन्ही हातांना कायमचं ग्रीस. त्याने मला पाहिलं आणि डॉक्टरांना विचारलं, हे टाकून देताय का. डॉक्टर म्हणाले, किडलेला दात आहे तो, उपटलेलाच बरा. मिस्त्री हसला.

"दात उपटणं तुमचं काम, साहेब. माझं काम अडकलेल्याला सोडवणं."

आणि त्याने मला उचललं.

त्याचं घर चौथ्या मजल्यावर, दोन खोल्यांचं. घरात माणसं तीन. तो, त्याची मुलगी आणि त्याची थोरली बहीण. बहीण म्हणजे मुलीची आत्या. ती बाहेरच्या खोलीत लोकांचे कपडे उसवून नीट करून द्यायची, आणि तिचं तोंड तिच्या शिलाई मशीनच्याच वेगाने चालायचं. मनाने लोणी. पण समोरच्याचं वाक्य संपेपर्यंत थांबायचं असतं हे तिला कोणी शिकवलंच नव्हतं.

मुलगी अकरा वर्षांची. ती बोलताना अडखळायची. 'प' आणि 'त' या दोन अक्षरांशी तर तिचं हाडवैर. एकदा दुकानात पेन्सिल आणायला गेली आणि खोडरबर घेऊन आली, कारण 'प' निघेना आणि मागे माणसं उभी. तिच्या खणात अकरा खोडरबर होते. घरच्यांना वाटायचं, पोरीला खोडायचा नाद आहे.

पहिल्या दिवशी तिने माझं बटण दाबलं आणि समोर मांडी घालून बसली. एक मिनिट गेलं. आत्या म्हणाली, गेलाय हा, पुन्हा दाब.

"न... नाही," मुलगी म्हणाली. "त... त्याला वेळ लागतो."

मित्रांनो, नऊ वर्षांत माझ्याबद्दल एवढं खरं वाक्य कोणी बोललं नव्हतं.

शाळेत तिला 'बफरिंग' म्हणायचे. व्हिडिओ अडकतो तेव्हा पडद्यावर गोल फिरत राहतं ना, ते. बाई तिला धड्यातली ओळ वाचायला उठवायच्या, दहा सेकंद वाट बघायच्या, आणि 'बस खाली' म्हणून पुढचीला उठवायच्या. हे सगळं दयाळूपणाने चालायचं. मला त्या दयेचा राग येतो. अख्ख्या तासात एका मुलीला द्यायला ज्यांच्याकडे एक मिनिट नाही, त्यांनी फळ्यावर सुविचार लिहू नयेत.

वर्गात एकच मुलगी निराळी होती, बाकावरची तिची शेजारीण. जाड भिंगांचा चष्मा असल्याने तिला सगळे चष्मा म्हणायचे. मिस्त्रीची पोर अडखळली की चष्मा आपला चष्मा काढायची आणि ओढणीने सावकाश पुसत बसायची. पुसून होईस्तोवर वाक्य पूर्ण झालेलं असायचं. कोणी शिकवलं नव्हतं तिला. काही माणसांना उपजतच अक्कल असते. पुढे चष्म्याच्या आईला फिरतीची नोकरी लागली आणि चष्मा दूरच्या गावी वसतिगृहात गेली. तिथे तिच्याजवळ फोन नव्हता. व्हरांड्याच्या भिंतीवर एक जुना फोन, त्यावर प्रत्येकीला पाच मिनिटं. आणि रविवारी चार ते पाच कॉम्प्युटरच्या खोलीत एक तास.

तिथूनच माझ्या दुसऱ्या आयुष्याची सुरुवात झाली.

ठोकळ्यांचा तो खेळ तुम्हाला माहीत असेल. माती, दगड, लाकूड, सगळे चौकोनी ठोकळे. खणायचे, रचायचे, हवं ते उभं करायचं. एकट्यालाही खेळता येतं. पण पुष्कळांना एकाच जगात शिरायचं असेल, तर ते जग कोणीतरी आपल्या पोटात सांभाळावं लागतं. त्याला सर्व्हर म्हणतात. मिस्त्रीने इंटरनेटवाल्याला चहा पाजून पाजून सगळं शिकून घेतलं आणि मला सर्व्हर केलं. दाढा सांभाळणारा मी, आता डोंगर सांभाळायला लागलो.

दोघी रविवारी माझ्यात यायच्या. तिथे बोलायचं नसतं, टाइप करायचं असतं. आणि मित्रांनो, टाइप करताना ही पोर अशी काही सुटायची! इकडे खण, तिकडे कशाला गेलीस, भिंत वाकडी झालीय, डोळे आहेत की बटणं. चष्म्याने तिचं नाव मुकादम ठेवलं. मिस्त्रीला ते इतकं आवडलं की घरातही तो तिला मुकादम म्हणू लागला. दोघींनी मिळून एक उंच मनोरा बांधला आणि त्यात वर जाणारी लिफ्ट केली, पाण्याच्या जोराने चढणारी. मिस्त्रीने येऊन ती तपासली आणि गंभीरपणे सांगितलं, दारं नाहीत, मी परवानगी देणार नाही. मग दारं बसवली.

माझ्यात शिरायला पत्ता लागतो. रस्त्याचा नव्हे, आकड्यांचा. आकड्यांच्या चार जुड्या आणि मधे टिंबं. आमच्या घरचं इंटरनेट स्वस्तातलं, त्यामुळे त्याचा डबा बंद होऊन चालू झाला की पत्ता बदलायचा. म्हणून दर रविवारी पावणेचारला मिस्त्री वसतिगृहाच्या फोनवर चष्म्याला नवा पत्ता वाचून दाखवायचा. ती तो तळहातावर लिहायची आणि पळायची.

एकदा आत्याला वाटलं, पोरगी एकाच मैत्रिणीबरोबर खेळते, आणखी चार जण आले तर काय बिघडलं. तिने तो पत्ता इमारतीच्या ग्रुपवर टाकला. खाली लिहिलं, सगळ्यांनी या, दार उघडंच आहे. जसं काही घरी वाढदिवस आहे. तो पत्ता कुठून कुठे गेला देव जाणे. तासाभरात माझ्यात तीसेक अनोळखी शिरले. त्यांनी मनोऱ्याला आग लावली, सुरुंग पेरले, लिफ्टचं पाणी सोडून दिलं, आणि जाताना दगडांनी भलंमोठं 'हा हा' लिहून गेले. मी सगळं बघत होतो. मला हात नाहीत. माझ्याच पोटात चाललं होतं आणि मला काही करता आलं नाही.

मुकादम रडली नाही. आत्या रडली. ती म्हणत राहिली, मला वाटलं मुलं आहेत, खेळतील. त्यानंतर मिस्त्रीने मला नावांची यादी करून दिली. यादीत नाव असेल त्यालाच आत घ्यायचं. यादीत नावं दोन. मनोरा पुन्हा बांधायला अकरा रविवार लागले. एक जळका खांब मात्र मुकादमने तसाच ठेवला.

आता तो रविवार ऐका, ज्यासाठी एवढं सांगत बसलोय.

मनोऱ्याचा शेवटचा मजला त्या दिवशी चढवायचा होता. आणि चष्म्याने आदल्या खेपेला एक गोष्ट लिहिली होती. वसतिगृहात तिच्याशी कोणी बोलत नाही, सगळ्या आपापल्या टोळीत, आठवडाभर ती रविवारची वाट बघते. पुढचा महिना परीक्षेचा, कॉम्प्युटरची खोली बंद. म्हणजे हा चुकला तर पाच आठवडे काही नाही.

साडेतीनला मिस्त्रीचा फोन वाजला. कुठल्याशा इमारतीत लिफ्ट दोन मजल्यांच्या मधे अडकली होती, आत एक बाई आणि तिचं बाळ. मिस्त्रीने पिशवी उचलली आणि पळाला. दारातून म्हणाला, पत्ता आत्या सांगेल.

आत्याला तर पाप फेडायची संधीच हवी होती. तिने नंबर लावला, कागद डोळ्यांसमोर धरला आणि एका दमात आकडे म्हणून टाकले, गिऱ्हाइकाला छाती-कंबरेचं माप वाचून दाखवावं तसे. एकही टिंब घेतलं नाही. आकडे बरोबर, पण जुड्या कुठे तुटतात हे समोरच्या पोरीला कसं कळावं? आत्याने फोन ठेवला आणि समाधानाने म्हणाली, झालं.

मी वाट बघत राहिलो. चार वाजले. चार वाजून दहा. दारावर कोणी आलं नाही.

चार वाजून बारा मिनिटांनी फोन वाजला. चष्माच होती. खोलीतून उठून, रांगेतल्या मुलींच्या हातापाया पडून ती पुन्हा फोनपाशी आली होती. मागून कोणीतरी 'आटप गं' म्हणत होतं. आत्या पुन्हा कागदाकडे धावली, तेव्हा फोनमधून चष्म्याचा आवाज आला. तो मलाही ऐकू आला.

"आत्या, तुम्ही नको. तिला द्या ना."

मित्रांनो, अडखळणाऱ्या माणसाची एक युक्ती असते. एक शब्द अडला की तो दुसरा घेतो. पेन्सिलऐवजी खोडरबर, पॉइंटऐवजी टिंब. पण आकड्याला दुसरा शब्द नसतो. तीनला काय म्हणाल? त्या दिवशीच्या पत्त्यात 'तीन' चारदा होता आणि 'पाच' दोनदा.

मुकादमने फोन घेतला. एक आला. शून्य आलं. मग 'त' आला आणि तिथेच उभा राहिला. तिचा जबडा आवळला, मान ताठ झाली, डोळे मिटले. आत्याने तोंड उघडलं. तीन, असं म्हणायला तिला किती वेळ लागला असता? तिची जीभ दातांपाशी पोचलेली मी पाहिली. आणि त्या बाईने, जिने आयुष्यात कोणाचं वाक्य पुरं होऊ दिलं नव्हतं, स्वतःचाच पंजा स्वतःच्या तोंडावर दाबला. दाबून धरला. डोळ्यांत पाणी आलं, पण पंजा काढला नाही.

फोनच्या पलीकडेही कोणी बोलत नव्हतं. चष्मा आपली भिंगं पुसत असणार.

"त... त... तीन," मुकादम म्हणाली. "टिंब."

मग पुढचे. प्रत्येक तीनला थांबली, दोन्ही पाचांना थांबली. शेवटचा आकडा आला तेव्हा तिचा फ्रॉक पाठीवर घामाने चिकटला होता. पलीकडून चष्म्याने सगळा पत्ता टिंबांसकट वाचून दाखवला आणि म्हणाली, बरोबर ना, मुकादम? ठेव मग, पळते मी.

दोन मिनिटांनी माझ्या दारावर थाप पडली. मी यादी पाहिली. नाव होतं. मी पडद्यावर लिहिलं, 'चष्मा जगात आली'. शेवटचा मजला पाचला दोन मिनिटं कमी असताना चढला. मिस्त्री घरी आला तेव्हा बाई आणि बाळ सुखरूप सुटले होते. त्याने पत्ता कोणी सांगितला ते ऐकलं, ग्रीसच्या हातांनीच जेवणाच्या ताटाला हात घातला, आणि त्या दिवशी आत्या त्याला ओरडली नाही.

यात चमत्कार काही नाही. ती आजही अडखळते. बाई आजही दहा सेकंदांनी 'बस खाली' म्हणतात. फक्त परवा ती बसली नाही. उभी राहिली, ओळ पुरी केली आणि मग बसली. तेही तिने चष्म्याला माझ्यातच टाइप करून सांगितलं, म्हणून मला कळलं.

आता माझ्या पोटातून टकटक असा आवाज येतो. मिस्त्री म्हणतो, जग दुसऱ्या डब्यात हलवायला हवं. हलवा. मनोरा, लिफ्ट, जळका खांब, सगळं न्या. मला जिन्याखाली ठेवलंत तरी चालेल. माझं एकच मागणं आहे, आणि ते माझ्यासाठी नाही. तुमच्या वर्गात, घरात, दुकानाच्या रांगेत कोणीतरी असेल, ज्याला चालू व्हायला वेळ लागतो. त्याचं बटण दुसऱ्यांदा दाबू नका. त्याचा शब्द त्याच्या तोंडून हिसकावून घेऊ नका. जमत नसेल तर स्वतःच्या तोंडावर हात ठेवा. आत्याला जमलं, तुम्हाला न जमायला काय झालं?

त्या दहा आकड्यांना एक मिनिट चाळीस सेकंद लागले. मी मोजले, मोजणं हे माझं कामच आहे. त्या एक मिनिट चाळीस सेकंदांत जगात कोणाचंही काही अडलं नाही.