आत्याची नऊ मिनिटं

माणूस कितीही स्तब्ध उभा राहिला तरी तो नखाएवढा डुलत असतो. प्रत्येकाचं डुलणं वेगळं, आणि स्थिरक बेतला जातो तो त्यावरच. एका मितीतून दुसरीत जाताना मधली अकरा सेकंदं पायाखाली जमीन नसते. कमरेला बांधलेला स्थिरक तेवढा वेळ शरीराला त्याचंच डुलणं परत देत राहतो, म्हणून पलीकडे पाय टेकल्यावर माणूस धड उभा राहतो. नोंद चुकली तर तो कोसळतो. काहींची चक्कर मग जन्मात जात नाही.

स्थिरक ज्याच्या त्याच्या डुलण्याशी जुळवून देणाऱ्या जुळणी विभागाच्या भिंतीवर मोठ्या अक्षरांत लिहिलेलं होतं : नात्यातल्या माणसाची जुळणी स्वतः करू नये.

जुळणीवालीने सहा वर्षं हा नियम पाळला आणि आत्याच्या वेळी मोडला. आत्याने तिला लहानाचं मोठं केलं होतं. आत्याचा मुलगा पलीकडे नोकरीला, त्याला नुकतीच मुलगी झालेली, आणि आत्या नातीला बघायला निघालेली. पलीकडच्या मितीचं दार आज दुपारी चारला उघडणार, त्यानंतर थेट अकरा महिन्यांनी. हे काम दुसऱ्याच्या हाती द्यायला तिचं मन धजेना. काल सगळे जेवायला गेले असताना तिने आत्याला डुलणं टिपणाऱ्या तबकडीवर उभं केलं, नऊ मिनिटं नोंद घेतली आणि कागदावर शेजारच्या टेबलवाल्याची सही मागून घेतली. रेघ इतकी सुबक आली की तिला स्वतःचंच कौतुक वाटलं.

आज तीन वाजून दहा मिनिटांनी ती प्रतीक्षाकक्षात डोकावली. स्थिरक बांधलेली आत्या एका प्रवाशाला उभ्या उभ्या नातीचे फोटो दाखवत होती. आत्या हसली की स्थिरकावरचा, नोंद जुळल्याचा हिरवा दिवा पिवळा होत होता.

"आत्या, जरा सरळ उभी राहा बघू."

आत्या ताठ झाली. दिवा हिरवागार.

"आता नेहमीसारखी."

"नेहमीसारखी म्हणजे कशी गं? मी काय एरवी वाकडी असते?"

दिवा पिवळा.

"काल तबकडीवर कशी उभी होतीस?"

"शहाण्यासारखी! बोटसुद्धा हललं असेल तर शपथ. उगाच तुझ्या साहेबांनी म्हणायला नको, हिच्या आत्याला साधं उभं राहता येत नाही."

जुळणीवालीच्या लक्षात आलं. काल नोंदवलं गेलं ते आत्याचं डुलणं नव्हतंच. भाचीची लाज राखायला तिने धरलेला श्वास होता तो.

"अगं, मग अकरा सेकंदं राहीन की ताठ!"

"जमिनीशिवाय ताठ राहता येत नाही, आत्या."

ती तडक मोजपट्टीकडे गेली. वरिष्ठांना सगळे पाठीमागे हेच म्हणत, कारण ते टेबलावरचा कपसुद्धा कडेला समांतर ठेवत.

"सर, आत्याची जुळणी मी केली. चुकलीय."

त्यांनी घड्याळाकडे पाहिलं. "वाचता येतं ना तुला?"

"येतं."

"मग भिंत कुणासाठी रंगवली आम्ही?" ते उठले. "पुन्हा घेतो. खरी रेघ आली नाही तर मी सही करणार नाही. मग बसा अकरा महिने."

आत्या तबकडीवर चढली. कागदावरची रेघ ताणलेल्या दोऱ्यासारखी सरळ निघाली. वरिष्ठांनी जुळणीवालीला खोलीबाहेर काढलं, तरी तीच तऱ्हा.

"ती दाराशीच उभी आहे," आत्या ओठ न हलवता म्हणाली. "ठाऊक आहे मला."

वरिष्ठ बाहेर आले. "तू फाटकाबाहेर जा. खिडकीतून त्यांना तू जाताना दिसली पाहिजेस."

"पण सर, चारला ती निघेल तेव्हा मी..."

"नसशील. काय सांगायचं ते आत्ता सांग."

सांगायचं बरंच होतं. तिने दारातून नुसतं म्हटलं, "बाळाला माझा पापा दे."

"देते. आणि रडायला काय झालं? जा, वेळ जातोय!"

फाटकाबाहेर, समोरच्या फुटपाथवर एक माणूस गाडीच्या काचा पुसत होता. त्याने दोनदा बादली बदलली. चार वाजता इमारतीच्या छतावरचा, दार उघडल्याचा लाल दिवा पेटला. तिने सेकंदं मोजली. अकरा. दिवा विझला. पण गेलं कोण, हे दिव्यावरून कळत नव्हतं.

पावणेपाचला वरिष्ठ फाटकाशी आले. हातात कागद होता, त्यावरची रेघ खडबडीत, जागोजागी उसळलेली.

"गेल्या. पलीकडून कळवलंय, कुणाचा हात न धरता चालत गेल्या."

तिने विचारलं, "कसं जमवलंत, सर?"

"भाची लहानपणी कशी होती, एवढंच विचारलं. नऊ मिनिटं तोंड बंद नव्हतं. किती हट्टी, किती आगाऊ... तुझी खरडपट्टी काढताना माणूस अगदी मोकळा होतो." मग आवाज बदलून, "तीन महिने जुळणी बंद. सही देणाऱ्याचीही. दोघांनी तबकड्या पुसायच्या."

"हो, सर."

तिने कागद हातात घेतला. सहाव्या मिनिटाला रेघ एकदम उंच उडाली होती.

"इथे काय झालं?"

"तू त्यांचा चष्मा पाण्याच्या टाकीत टाकलास, ते सांगत होत्या."

"मी नाही टाकला! तिच्याच मुलाने, दादाने टाकला होता."

"मग आता अकरा महिने थांब," वरिष्ठ म्हणाले आणि कागदासाठी हात पुढे केला. तिने तो लगेच दिला नाही.